१९१२चा कार्लाइल संघ: तो हंगाम नेमका कोणाचा?

रानवाटा

नमस्कार मंडळी,

गेले दोन महिने एका संघाने मला झपाटलंय. संघ शंभराहून जास्त वर्षांपूर्वीचा, खेळ आपल्याकडे कोणी फारसा न खेळणारा. तरी रात्री दिवा मालवला की हीच मुलं डोळ्यांसमोर येतात. म्हणून हा धागा.

अमेरिकेत पेन्सिल्व्हेनिया राज्यात कार्लाइल नावाचं गाव आहे. तिथे १८७९ साली लष्कराच्या जुन्या बराकींमध्ये रेड इंडियन मुलांसाठी निवासी शाळा निघाली. काढणारा रिचर्ड हेन्री प्रॅट, लष्करी अधिकारी. त्याची विचारसरणी त्याने १८९२च्या भाषणात स्वतःच सांगून ठेवली आहे: आतला इंडियन मारा आणि माणूस वाचवा. मुलं शेकडो मैलांवरून आगगाडीने आणायची, आल्या आल्या केस कापायचे, नाव बदलायचं, आपली भाषा बोलला की शिक्षा.

या शाळेच्या फुटबॉल संघाने १९१२च्या हंगामात १४ सामने खेळले. १२ जिंकले, १ बरोबरीत सुटला, १ हरले. ५०४ गुण केले आणि ११४ दिले. त्यातला एक विजय वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीवर, त्यांच्याच मैदानात, २७-६. याच लष्कराने १८९०मध्ये वूंडेड नी इथे लाकोटा लोकांची कत्तल केली होती. मधे फक्त २२ वर्षं.

प्रश्न असा: हा हंगाम कोणाचा म्हणायचा? शाळा म्हणत होती, बघा, आमची पद्धत यशस्वी झाली. प्रशिक्षक पॉप वॉर्नर आजही मोठा डावपेचकार म्हणून ओळखला जातो. आणि मुलं? मला वाटतं तो फक्त आणि फक्त मुलांचा. तुम्हाला काय वाटतं?

गोलपोस्ट

हा म्हणजे हेल्मेटवाला फुटबॉल ना? ज्यात पायाचं काम सगळ्यात कमी? :)

रानवाटा

हो, तोच. फरक एवढाच की तेव्हा हेल्मेट म्हणजे चामड्याची टोपी, आणि तीही अनेक जण घालत नसत. ११ विरुद्ध ११, लंबगोल चेंडू, तो घेऊन समोरच्याच्या रेषेपलीकडे पोचायचं. पोचलात की टचडाउन.

१९१२ हे वर्ष नियमांच्या दृष्टीनेही मोठं. त्याआधी १० यार्ड पुढे सरकायला ३ संधी मिळत, त्या वर्षापासून ४ झाल्या. टचडाउनचे ५ गुण होते, ते ६ झाले. मैदान १०० यार्डांचं झालं. म्हणजे आज टीव्हीवर दिसतो तो खेळ साधारण त्या वर्षी आकाराला आला, आणि पहिल्याच हंगामात या मुलांनी तो सगळ्यांत चांगला खेळून दाखवला.

विदुला_क

लेख आवडला, पण 'रेड इंडियन' हा शब्द कृपया बदला. शाळेच्या पुस्तकात आपण तोच शिकलो हे खरं, पण त्या लोकांना तो अपमानास्पद वाटतो. मूळ रहिवासी म्हणा, किंवा ज्या त्या जमातीचं नाव घ्या. ज्यांची नावं शाळेने बदलली त्यांच्याबद्दल लिहिताना आपण तरी नावाची काळजी घ्यायला हवी.

रानवाटा

विदुलाताई, अगदी बरोबर. चूक माझी. मूळ लेखात आता बदल करता येत नाही, पण इथून पुढे काळजी घेतो. आणि नावंच द्यायची तर नीट देतो: जिम थॉर्प, संघातला सगळ्यात गाजलेला खेळाडू, सॅक अँड फॉक्स जमातीचा. गस वेल्च आणि जो गायन, दोघेही ओजिब्वे. स्टॅन्सिल पॉवेल, चेरोकी. अ‍ॅलेक्स अर्कासा, कोलव्हिल. एल्मर बुश, पोमो. पीट कॅलॅक, दक्षिण कॅलिफोर्नियाचा. एका संघात इतक्या वेगवेगळ्या भाषांच्या घरांतली मुलं होती आणि मैदानात एकमेकांशी बोलायचं ते इंग्रजीत.

अण्णा नगरकर

रानवाटा, तुम्ही माझ्या फार आवडीच्या विषयाला हात घातलात. वेस्ट पॉइंटच्या सामन्याबद्दल थोडं सविस्तर लिहितो, कारण थॉर्पच्या नावाखाली बाकीचे दबून जातात.

तारीख ९ नोव्हेंबर १९१२, हडसन नदीकाठचं मैदान. याआधी हे दोन संघ एकदाच भिडले होते, १९०५ साली, तेव्हाही कार्लाइलने ६-५ असा निसटता विजय मिळवला होता. या खेपेला पहिलं टचडाउन लष्कराने केलं, पण त्यानंतरची किक, जिचा एक जादा गुण मिळतो, ती हुकली. ६-०. मग कार्लाइलच्या बर्गीने टचडाउन केलं, किकही बसली, ७-६. मध्यंतरापर्यंत एवढंच.

मध्यंतरानंतर मात्र लष्कराला गुण असा मिळालाच नाही. वॉर्नरने त्या दिवशी मांडणी बदलली होती. एरवी चेंडू घेऊन धावणारे खेळाडू मागे एकत्र उभे राहायचे. त्याने त्यातल्या दोघांना पुढे, रांगेच्या दोन्ही टोकांना बाहेरच्या बाजूला उभं केलं. म्हणजे हल्ला डावीकडून येणार की उजवीकडून, हे समोरच्याला चेंडू हलेपर्यंत कळायचंच नाही. कबड्डीत चढाईवाला एका कोपऱ्याकडे झुकतो आणि पाय दुसरीकडे मारतो ना, तसं, फक्त इथे अकरा जण मिळून हुलकावणी देतात. लष्कराचे गडी अंगाने धिप्पाड होते, पण जिथे धडक मारायची तिथे कोणी नसायचंच.

आणि हे लक्षात घ्या: त्या दिवशीच्या चार टचडाउनपैकी तीन अर्कासाची. थॉर्पच्या नावावर एकही नाही! तो मैदानभर धावला, दोन-दोन जणांना अंगावर घेऊन पुढे गेला, संघाला रेषेजवळ नेऊन सोडलं, आणि शेवटचं काम अर्कासाने केलं. दुसऱ्या दिवशी मथळे थॉर्पचे. मला त्यात थॉर्पचा मोठेपणाही दिसतो आणि अर्कासावरचा अन्यायही.

लष्कराचा कर्णधार डेव्होर इतका चिडला की त्याने गायनवर हात टाकला आणि पंचांनी त्याला बाहेर काढलं. गायनने काय केलं? खेळत राहिला.

गोलपोस्ट

अण्णा, जबरदस्त. आयझेनहॉवर त्या सामन्यात होता ना? पुढे राष्ट्राध्यक्ष झालेला?

अण्णा नगरकर

होता तर. थॉर्पला दोघांनी मिळून आडवा करायचा बेत त्याने आखला होता, पण तो साधला नाही आणि हेच जायबंदी होऊन बाहेर गेले. पुढच्याच आठवड्यात टफ्ट्सविरुद्ध त्याचा गुडघा गेला आणि खेळ संपला. पुढे राष्ट्राध्यक्षपद भूषवून झाल्यावरही तो थॉर्पचं नाव काढायचा, आपण पाहिलेल्या सगळ्या फुटबॉलपटूंमध्ये तो सरस होता असं सांगायचा.

बाराखडी

मी थोडा विरोधी सूर लावतो. एक, कार्लाइल हे कॉलेज नव्हतंच. अर्धा दिवस वर्ग आणि अर्धा दिवस लोहारकाम, शिंपीकाम, शेती, धुणं. दुसरं, खेळाडू शाळकरी पोरंही नव्हती. थॉर्प तेव्हा २४-२५ वर्षांचा होता. म्हणजे 'शाळेच्या मुलांनी लष्कराला हरवलं' ही गोष्ट ऐकायला गोड आहे, पण तशी ती पूर्ण खरी नाही. तिसरं, वॉर्नर नसता तर हे घडलं असतं का? १९११मध्ये याच संघाने हार्वर्डला १८-१५ हरवलं, तेही वॉर्नरच्याच हाताखाली.

रानवाटा

बाराखडी, पहिले दोन मुद्दे मान्य. पण 'मुलं' हा शब्द मी वयासाठी वापरत नाहीये. तिथे आलेल्याला, वय काहीही असो, शाळा मूलच मानायची. त्याचे पैसे शाळेकडे, तो कुठे राहणार, उन्हाळ्यात कोणत्या गोऱ्या शेतकऱ्याकडे कामाला जाणार, हे सगळं शाळा ठरवणार. थॉर्पलाही असंच शेतावर पाठवलं होतं, तो तिथून पळाला होता.

हार्वर्डचं उदाहरण तर माझ्या बाजूचं आहे. त्या दिवशी थॉर्पच्या दुखऱ्या पायाला पट्ट्या बांधलेल्या होत्या आणि त्याच पायाने त्याने चार फील्ड गोल मारले, म्हणजे चेंडू लाथेने खांबांमधून पार केला, प्रत्येकाचे ३ गुण. चार त्रिक बारा, टचडाउनचे तेव्हाचे ५ आणि वरचा १. अठरा. त्या पट्ट्यांखालचं दुखणं वॉर्नरचं नव्हतं.

विदुला_क

+१. शिवाय वेळापत्रक बघा. २६ ऑक्टोबरला, शनिवारी, वॉशिंग्टनला जॉर्जटाऊनशी सामना, ३४-२०. सोमवारी कॅनडात टोरांटोला, ४९-१. मधला रविवार आगगाडीत. हंगामातले मोठे सामने जवळपास सगळे बाहेरगावी, कारण मोठ्या शहरात तिकीटविक्री जास्त. ही मुलं मोठ्या मैदानांवर कायम पाहुणीच होती.

पेनकर

मी हॅरिसबर्गजवळ राहतो, कार्लाइल इथून गाडीने अर्ध्या तासावर. सतरा वर्षं इथे आहे आणि पहिली दहा वर्षं मला या शाळेचा पत्ताच नव्हता. ती जागा आजही लष्कराकडे आहे, तिथे आता वरिष्ठ अधिकाऱ्यांचं वॉर कॉलेज चालतं.

गेल्या थंडीत मी तिथलं कब्रस्तान पाहिलं. लष्करी दफनभूमीत असतात तसे एकसारखे पांढरे दगड, सरळ रांगांत. जवळ जाऊन वाचलं की कळतं, ही सैनिकांची थडगी नव्हेत. नाव, खाली जमातीचं नाव, मग तारीख. काही दगडांवर नावाच्या जागी फक्त 'अज्ञात' अर्थाचा शब्द. क्षयाने, न्यूमोनियाने गेलेली लेकरं. कोणीतरी एका दगडावर लहान मोजे ठेवले होते, लोकरीचे, लाल. त्यावर दव गोठलं होतं. मी हातमोजे काढून उभा राहिलो, का ते सांगता येणार नाही.

२०१७पासून लष्कर जमातींच्या मागणीवरून त्या मुलांचे अवशेष त्यांच्या घरी परत पाठवतंय. २०२१मध्ये दक्षिण डकोटातल्या रोझबडची नऊ मुलं परत गेली. डिसेंबर २०२४मध्ये या जागेला राष्ट्रीय स्मारकाचा दर्जा मिळाला.

रानवाटा, तुमच्या प्रश्नाचं उत्तर मला येत नाही. पण जिथे ५०४ गुण करणारे जेवायचे-झोपायचे तिथेच ही थडगी आहेत, हे विसरून उत्तर देता येणार नाही.

थालीपीठ

पेनकर, वाचून गलबलून आलं.

सातपुडा

बरेच दिवस इथे फक्त वाचतो, आज लिहितोय.

मी नंदुरबार जिल्ह्यातल्या धडगाव भागातला, पावरा. चौथीपासून आश्रमशाळेत शिकलो. शाळेचं नाव घेत नाही. कार्लाइलशी तुलना करायची नाहीये, आमच्या शाळेत कोणी मारायला बसलं नव्हतं, दोन शिक्षक तर देवमाणसं होती. त्यांच्यामुळेच आज मी मराठीत हे लिहू शकतो. पण वर्गात पावरी बोललं की एक रुपया दंड होता. रुपया कोणाकडे असायचा? मग गप्प बसायचं. मी सहावीपर्यंत वर्गात जवळजवळ बोललोच नाही.

बोलायचो कुठे? खो-खोच्या मैदानात. खुंटाजवळ उभा असलेला माझा मित्र पावरीत ओरडायचा, कुठे वळायचं ते, आणि समोरच्या संघाला काही कळायचं नाही. तालुक्याला आम्ही दोनदा पहिले आलो. ज्या सरांनी दंड लावला होता तेच ढाल हातात घेऊन फोटोला मधे उभे राहिले.

त्या फोटोतला विजय कोणाचा, असं मला कोणी विचारलं असतं तर मी सांगितलं असतं, ज्याने पावरीत हाक मारली त्याचा. म्हणून रानवाटा दादा, मी तुमच्या बाजूचा.

रानवाटा

सातपुडा, तुमचा प्रतिसाद तीनदा वाचला. पुढे लिहीत राहा, ही विनंती.

अण्णा नगरकर

सातपुडा, मनापासून आभार. धाग्याचं सोनं केलंत.

कसोटीवेडा

आपल्याकडचा त्याच काळातला माणूस आठवला: पळवणकर बाळू. १९११च्या इंग्लंड दौऱ्यात ११४ बळी. चांभार समाजातला डावखुरा फिरकी गोलंदाज. पुण्यात हिंदू संघासाठी सामने जिंकून द्यायचा, आणि चहाच्या वेळी त्याला बाहेर, वेगळ्या मातीच्या भांड्यात चहा. थॉर्प आणि बाळू दोघेही तेच सांगतात ना?

बाराखडी

बाळूंबद्दल आदर आहेच, पण तुलना अर्धीच लागू पडते. बाळूंना मैदानात सामावून घ्यायचं की नाही हा वाद होता. दाराबाहेर ठेवलेला माणूस आत येऊ पाहत होता. कार्लाइलमध्ये उलट, आत ओढून आणून दार लावून घेतलं होतं. लुई टेवानिमाचं उदाहरण घ्या. होपी जमातीचा. सरकारी शाळांना विरोध करणाऱ्या गावकऱ्यांबरोबर पकडून १९०७मध्ये त्याला कार्लाइलला आणलं, जवळजवळ कैदी म्हणूनच. पाच वर्षांनी त्याच माणसाने स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये १०,००० मीटरमध्ये अमेरिकेला रौप्यपदक मिळवून दिलं. शाळा सुटल्यावर तो आपल्या गावी गेला, मेंढ्या राखल्या, शेती केली.

कसोटीवेडा

दार बाहेरून आणि दार आतून. मान्य, फरक मोठा आहे. टेवानिमाबद्दल पहिल्यांदाच वाचलं.

थालीपीठ

स्टॉकहोमचा विषय निघालाच आहे तर, थॉर्पची पदकं काढून घेतली होती ना? ते काय प्रकरण?

विदुला_क

१९१२च्या जुलैत स्टॉकहोमला पेंटॅथलॉन (पाच प्रकारांची स्पर्धा) आणि डेकॅथलॉन (दहा प्रकारांची) दोन्हीत थॉर्पला सुवर्ण. तिथून येऊन त्याने हा फुटबॉल हंगाम खेळला. जानेवारी १९१३मध्ये एका वर्तमानपत्रात बातमी आली की १९०९-१०ला तो नॉर्थ कॅरोलायनात किरकोळ पैसे घेऊन बेसबॉल खेळला होता. तेव्हा ऑलिंपिक फक्त हौशी खेळाडूंसाठी. झालं, पदकं परत.

माझा राग आहे तो दोन गोष्टींवर. हरकत घ्यायची मुदत स्पर्धेनंतर ३० दिवसांची होती, इथे सहा महिने उलटले होते, पण तो नियम कोणी पुढे केलाच नाही. आणि उन्हाळ्यात पैसे घेऊन खेळणारे कॉलेजचे गोरे खेळाडू पुष्कळ होते. ते खोटं नाव लावायचे. थॉर्प स्वतःच्या नावाने खेळला, म्हणून सापडला. त्याच्या सहीने जे पत्र गेलं त्यात लिहिलंय की मी साधा इंडियन शाळकरी मुलगा, मला यातलं सगळं माहीत नव्हतं. २५ वर्षांचा माणूस स्वतःला शाळकरी मुलगा म्हणतो!

१९८२मध्ये निर्णय फिरला, पण 'संयुक्त विजेता' म्हणून. एकट्याचं नाव लागलं ते २०२२मध्ये. थॉर्प १९५३लाच गेला होता.

बाराखडी

विदुलाताई, हे वाचून मला माझं वॉर्नरबद्दलचं मत थोडं बदलावं लागतंय. त्याच्या परवानगीशिवाय खेळाडू दोन उन्हाळे गायब कसे राहतील? डावपेच त्याचे होते हे मी अजूनही म्हणेन. पण माणूस म्हणून पाठीशी उभा राहायची वेळ आली तेव्हा मला काही माहीतच नव्हतं असं म्हणून त्याने आपली कातडी वाचवली.

अण्णा नगरकर

आता मूळ प्रश्नाकडे येतो, कारण रानवाटांच्या प्रश्नाचं उत्तर त्या संघातल्याच एकाने देऊन ठेवलंय. गस वेल्च. १९१२चा क्वार्टरबॅक, म्हणजे मैदानावर कोणता डाव खेळायचा ते पुकारणारा.

वेल्चने पुढे शाळेतल्या विद्यार्थ्यांच्या सह्या गोळा केल्या, दोनशेहून जास्त, आणि शाळेच्या कारभाराची चौकशी करा असा अर्ज सरकारकडे धाडला. १९१४च्या सुरुवातीला अमेरिकन काँग्रेसची समिती खुद्द कार्लाइलला आली. मुलांच्या साक्षी झाल्या. अपुरं जेवण, मारहाण, हे सगळं बाहेर आलं. फुटबॉलच्या तिकिटांचा पैसाही निघाला. तो सरकारी हिशेबात यायचाच नाही, वेगळ्या क्रीडा निधीत जायचा आणि तिथून वॉर्नर आणि अधीक्षक मिळून खर्च करायचे. खेळाडूंना चांगलं जेवण, वेगळी राहायची जागा, आणि बाकीच्या पोरांच्या पानात ते नाही. वेल्च स्वतः चांगलं जेवणाऱ्यांतला होता, हे विसरू नका. त्याने वॉर्नरविरुद्धही साक्ष दिली, ज्याने त्याला घडवलं त्याच्याविरुद्ध. अधीक्षक गेला. १९१५मध्ये वॉर्नर पिट्सबर्गला गेला. १९१८मध्ये शाळा बंद झाली, बराकी लष्कराने परत घेतल्या.

वेल्च पहिल्या महायुद्धात लढला, वकील झाला.

२७-६ पेक्षा मला तो अर्ज मोठा वाटतो. पण २७-६ नसतं तर त्या मुलाच्या सहीला वॉशिंग्टनमध्ये कोणी विचारलं असतं का, हेही खरं.

सातपुडा

अण्णा, हे माहीत नव्हतं. म्हणजे मैदानात डाव पुकारणाऱ्यानेच मैदानाबाहेरही पुकारला.

गोलपोस्ट

एक राहिलं. हरले ते कोणाकडून?

रानवाटा

पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाकडून, ३४-२६, वेस्ट पॉइंटच्या बरोब्बर पुढच्या शनिवारी. मला वाटतं त्या आठवड्यात सगळा जीव ओतून झाला होता. त्यानंतरच्या आठवड्यात स्प्रिंगफील्डला थॉर्पने एकट्याने सगळे ३० गुण केले, ३०-२४. मग थँक्सगिव्हिंगला, म्हणजे नोव्हेंबरअखेरच्या अमेरिकन सणाला, ब्राउन विद्यापीठावर ३२-०, आणि तो त्याचा कार्लाइलसाठी शेवटचा सामना.

अण्णा, वेल्चबद्दल मी 'फक्त आणि फक्त मुलांचा' लिहिताना असा विचार केलाच नव्हता. मी फक्त गुणफलक बघत होतो.

पेनकर

येत्या शनिवारी मुलीला घेऊन पुन्हा कार्लाइलला जातोय. ती नववीत आहे. रानवाटांनी वर दिलेली नावं मी एका कागदावर उतरवून फ्रिजवर लावली होती, तर काल विचारत होती, "बाबा, हा अर्कासा कोण?" तीन टचडाउनची गोष्ट सांगितली. आता म्हणते, जाताना लोकरीचे मोजे घेऊया.